बसणी कुणाची

निरीक्षक बाई जेवणानंतर येणार होत्या. त्याआधी घरातलं एक नाव ठरायला हवं होतं. म्हणून दत्तानं खंडाळ्याच्या बंगल्यावरची ड्युटी दुसऱ्या वॉचमनला दिली, पुतण्याला, सनीला, लोणावळ्याहून बोलावलं आणि कुरवंड्याच्या घराच्या पडवीत सकाळीच सतरंजी टाकली. वार गुरुवार होता. पर्यटकांची वर्दळ नव्हती, त्यामुळे सनीला टॅक्सी सोडून येणं जमलं. नूरमहंमद आपल्या स्कूटरवरून आला. लोणावळ्याच्या बाजारात त्याचं कापडाचं दुकान होतं आणि या घराचं ऊबरेशीम त्याच्या बापाच्या वेळेपासून त्याच दुकानात जात होतं. त्यानं पिशवीतली घडी घातलेली शाल बाजूला ठेवली आणि पाणी मागितलं.

पाणी मंगलनं, सनीच्या आईनं, आणलं. तांब्या तिनं त्याच्या हातात दिला नाही, सतरंजीच्या कडेला ठेवला. या घरात तिच्या हातातून कुणी काही घेत नसे. तिचा हात लागला की विहिरीच्या गारढोण बादलीला हात लागल्यासारखं होई, आणि ते टाळायची सवय सगळ्यांना इतकी जुनी झाली होती की त्यात कुणाला काही वाटत नव्हतं. चैत्राचं ऊन अंगणात पसरलं होतं. तिच्या अंगात शिदूचा, तिच्या गेलेल्या नवऱ्याचा, रेल्वेतला स्वेटर होता. ती उंबऱ्याच्या आतल्या बाजूला बसली.

कायदा हिवाळ्यात झाला होता. त्याचं कारण सगळ्यांना ठाऊक होतं. पलीकडच्या खोऱ्यात एका घरानं खोपीतले किडे राहत्या घरात आणून ठेवले आणि भर आश्विनात वर्षाचं पोर गारठून गेलं. ऊबरेशमाचे किडे ऐनाच्या झाडाचा पाला खातात, पण कोष बांधायला त्यांना माणसाची ऊब लागते. म्हणून त्यांच्याजवळ कुणीतरी बसावं लागतं. जो बसतो त्याची थोडी ऊब धाग्यात उतरते आणि कापडात राहते. अशी शाल पांघरणाऱ्याला शेकोटी लागत नाही. मुंबई-पुण्याची माणसं ती घरातल्या आजारी माणसासाठी नेतात. बसणाऱ्याची गेलेली ऊब वर्षभरात भरून येते. मात्र तो एकदाच बसला असेल तर.

म्हणून चाल अशी होती की घरातल्या मोठ्या माणसांनी बसणी वाटून घ्यायची. किडे कात टाकतात. एका कातीपासून दुसऱ्या कातीपर्यंत एकानं बसायचं, मग दुसऱ्यानं. खोपीत बसलेल्या माणसाकडं कुणी जायचं नाही, डोकावायचंही नाही. डबा बाहेरच्या दगडावर ठेवून मागं फिरायचं. या घरात बसणारे चौघे होते. दत्ता, त्याची बायको सावित्राबाई, मंगल आणि मिसरूड फुटल्यापासून सनी.

कायद्यानं ही वाटणी बंद केली. चौघांची ऊब मिसळली तर नुकसान कुणाचं झालं ते सांगता येत नाही, जबाबदार कोण तेही नाही, असं सरकारचं म्हणणं. आता एका घराचं एकच माणूस बसणार. त्याचं नाव नोंदणार. तो बारा महिने खोपीपाशीच राहणार, एकटा, त्याच्याकडं कुणी जायचं-यायचं नाही. दुसऱ्या कुणासोबत एका छपराखाली निजायचं नाही, लहान मुलाला जवळ घ्यायचं नाही. नाव एकदा लागलं की जन्मभराचं.

दत्तानं हे सगळं नूरमहंमदकडून पुन्हा एकदा वदवून घेतलं. त्याला उत्तर आधीच ठाऊक होतं, पण ते दुसऱ्याच्या तोंडून निघालं तर बरं, असं त्याला वाटत होतं. बंगल्यावर इतकी वर्षं मालकाच्या घरातली भांडणं ऐकून त्याला एक समजलं होतं. जो पहिल्यांदा बोलतो त्याच्यावर पुढं सगळं येतं. पण कुणीच बोलेना. शेवटी तोच म्हणाला, "माझं म्हणणं, मंगलचं नाव लिवावं. तिची चूल आधीच निराळी हाय. ल्हान पोर न्हाई, मागं कुणी न्हाई. तिला काय, हितं काय अन् खोपीत काय."

सावित्राबाईनं लगेच मान हलवली. मंगलला खोपीची सवय आहे, तिला माणसांत फारसं करमतही नाही, असं ती समजावणीच्या सुरात सांगू लागली. मंगल ऐकत होती. तिच्याविषयी बोलणं चाललं होतं, तिच्याशी नव्हे.

"मागं कुणी न्हाई म्हंजे?" सनी म्हणाला. "मी कोण हाय मग, आबा?"

लोणावळ्यात राहून त्याची भाषा शहरी झाली होती, पण या पडवीत आला की ती परत गावाची होई. त्यानं सांगितलं की भांगरवाडीत त्यानं तळमजल्यावरची खोली बघून ठेवली आहे, मालकाशी बोलणं झालं आहे आणि आईला तो आजच घेऊन जाणार आहे. कायदा तुमच्या घराचा आहे, तुम्ही बघा. दत्तानं त्याला चिमटा काढला. खोली बघायला कायदा व्हावा लागला व्हय रे? इतकी वर्षं आई आठवली न्हाई ती? सनी लाल झाला, पण मागं हटला नाही.

मंगलनं त्या वेळी पहिल्यांदा वर पाहिलं. तिला सनीच्या खोलीत जायचंच होतं असं नाही. कुणीतरी "मी बसतो" म्हणावं एवढंच तिला हवं होतं. कुणीही. म्हणणाऱ्याला तिनं बसू दिलं असतं की नाही हा पुढचा प्रश्न. सनीनं "मी बसतो" म्हटलं नाही. पण "घेऊन जाणार" म्हटलं, आणि तेवढ्यानं ती सकाळपासून पहिल्यांदा भिंतीला टेकून बसली.

मग नूरमहंमदनं राहिलेलं सांगितलं. त्याचा हेतू वाईट नव्हता. उलट त्याला वाटलं, हे सांगितलं तर बसणारीचं थोडं भलं होईल.

"दत्ताभाऊ, एक कलम अजून आहे. ज्याचं नाव लागेल, ऐनाची राई त्याच्या ताब्यात जाते. वनखातं तसा कागदच करून देतं. त्याच्या पश्चात त्याच्या वारसाला."

राई घराच्या मागच्या उतारावर, नागफणीच्या कड्याच्या वाटेला होती. ती आजवर सगळ्यांची होती, म्हणजे तिच्याबद्दल कुणी कधी बोललं नव्हतं. गेल्या वर्षी खंडाळ्याच्या एका हॉटेलवाल्यानं तिथं तंबू टाकण्याविषयी विचारलं होतं. दत्तानं त्याला उडवून लावलं होतं आणि त्याचा फोन नंबर जपून ठेवला होता.

दत्ता सरसावून बसला. मग म्हणाला की मंगलची तब्येत बघता तिच्यावर हे ओझं टाकणं बरोबर नाही. लोक काय म्हणतील? विधवा भावजयीला खोपीत टाकली म्हणतील. त्यापेक्षा घरातली मोठी सून सावित्रा आहे, मान तिचा आहे. तिचं नाव लिहावं.

सावित्राबाईला क्षणभर कळलंच नाही की हे आपल्याविषयी आहे. ती मघापासून मान हलवत होती आणि आताही तिनं सवयीनं ती हलवली. मग थांबली. लग्नाला इतकी वर्षं झाली होती, या माणसाचं जेवण, औषधं, दारूचे दिवस सगळं तिनं काढलं होतं, आणि आता तो तिला जन्मभरासाठी उतारावरच्या खोपीत पाठवत होता, तेही मान म्हणून. शिवाय तिला दुसरी भीती होती. गुडघ्याचं ऑपरेशन झालं त्या वर्षी तिनं आपली बसणी मंगलला दिली होती. या खेपेपुरती, कुणाला बोलू नको, असं म्हणून. नंतर गुडघा बरा झाला. बसणी मात्र मंगलकडंच राहिली. दरवर्षी तेवढे दिवस सावित्राबाई डबा घेऊन घरातून निघे आणि लोहगडवाडीला भावाच्या भज्यांच्या टपरीवर जाऊन बसे. खोपीत राहिल्यानं किती गारठलं हे ती परत आल्यावर दत्ताला खुलवून सांगत असे.

"मला न्हाई जमायचं," ती म्हणाली.

"का न्हाई? दरसाल बसतीस की."

"दरसाल बसते म्हून जल्मभर बसू? तुमी बसा की. तुमीबी बसताच की."

दत्तानं विषय तिथंच सोडला. त्यालाही तसं करायला कारण होतं.

सनीनं या वेळेत मोबाईल बाहेर काढला होता आणि पुन्हा ठेवला होता. तो वाईट मुलगा नव्हता. सकाळी घाटातून वर येताना आईला खोलीत खाट कुठं टाकायची, खिडकीशी की दाराशी, याचा तो विचार करत होता. आता तो राईचा विचार करत होता. आपण दोन्हीचा विचार एकाच वेळी करू शकतो, असं त्याला वाटलं. राई आबांच्या घरात गेली तर पुन्हा आपली होणार नाही. आईच्या नावावर लागली तर आज ना उद्या आपली. आणि आई काय, खोपीत असली तरी आपण येत-जात राहूच. येणं-जाणं कायद्यात बसत नाही हे त्यानं आत्ताच ऐकलं होतं, पण ते त्याला त्या क्षणी आठवलं नाही.

"मोठीआईला गुडघ्याचं दुखणं आहे," तो पुन्हा शहरी भाषेवर येत म्हणाला. "आईचं नाव होतं तेच राहू द्या. आपण पहिल्यांदा ठरवलं तेच."

"आपण?" दत्ता म्हणाला. "मघाशी तर घेऊन चाललेलास."

"मघाशी मला सगळं माहीत नव्हतं."

मंगल भिंतीपासून पुन्हा पुढं सरकली.

भांडण वाढत चाललं तसं नूरमहंमदनं हात वर केला. तो या घरच्या लग्नांना आणि मयतींना आलेला होता, म्हणून त्याला हात वर करायचा हक्क होता. तो म्हणाला, तुम्ही कुणाचं नाव सांगता याला तसा अर्थ नाही. निरीक्षक बाई कापड बघतात. गेल्या हंगामाच्या कापडात ज्याची ऊब असेल, तोच बसणारा धरतात. चौघांची निघाली तर चौघांतला एक निवडता येईल. म्हणून मी तुमच्या धाग्याची शाल परत घेऊन आलो. मला परक्याला कळत नाही. तुम्हीच हात लावा, म्हणजे बाई यायच्या आत भांडण मिटेल.

त्यानं शालीची घडी उलगडली. फिकट मधाच्या रंगाची होती, येवल्याला विणलेली. घरच्या माणसाला घरच्याची ऊब ओळखू येते. आवाज ओळखू येतो तशी. सांगता येत नाही, पण चुकत नाही. दत्ताची उन्हातल्या पत्र्यासारखी कोरडी, सावित्राबाईची कोंबडीच्या पोटाखाली हात घातल्यासारखी, सनीची अजून नीट न बसलेली, कमीजास्त होणारी.

कुणी पटकन पुढं होईना. तिघांनाही एकच भीती होती आणि प्रत्येकाला ती आपली एकट्याची वाटत होती. शालीत बाकीच्यांची ऊब सापडेल, फक्त आपली सापडणार नाही.

दत्तानं हात ठेवला. ठेवला तसाच राहिला. मग सावित्राबाईनं ठेवला. सनीनं एका टोकाला बोटं लावली, काढली, दुसऱ्या टोकाला लावून बघितली.

शालीभर मंगल होती. दुसरं कुणीच नव्हतं.

दत्तानं बायकोकडं बघितलं. सावित्राबाईनं त्याच्याकडं. "तुमी व्हताव कुटं?" ती म्हणाली. तो उत्तर द्यायच्या आधीच तिला कळलं आणि त्यालाही. तो बंगल्यावर होता. बसणीच्या नावाखाली घरातून निघून तो खंडाळ्याला आपल्या खोलीत टीव्ही बघत होता, आणि ही लोहगडवाडीला. सनीचा हंगाम ऐन बसणीत येई. एक दिवस गाडी उभी ठेवली तर गिऱ्हाईक तुटतं, असं त्यानं आईला सांगितलं होतं. तिघांनी वेगवेगळ्या वर्षी, वेगवेगळी कारणं सांगून, मंगलला एकच म्हटलं होतं, या खेपेला माझ्या जागी बस, कुणाला बोलू नको. ती बोलली नव्हती.

हे इतकी वर्षं चाललं ते एका साध्या गोष्टीमुळं. दत्ता बसणीला गेला की तो दिसत नाही हे घराला जाणवे. सावित्राबाई गेली की तिची चूल बंद असे. मंगल घरात दिसली नाही तर ती सनीकडं गेली असेल असं घराला वाटे, सनीला ती घरी असेल असं वाटे, आणि मंगल कुठं आहे हे कुणी कुणाला विचारत नसे.

नूरमहंमदनं शालीकडं बघितलं, मग उंबऱ्यापलीकडं बसलेल्या बाईकडं. "मंगलताई, चारही बसण्या?" त्यानं विचारलं.

"व्हय," ती म्हणाली.

सावित्राबाईचा हात शालीवरून निघत नव्हता. ऊब चांगली होती, शांत, एकसारखी, आणि ज्या बाईला ती इतकी वर्षं चुकवत आली होती तिच्या अंगात एवढी माया असेल असं तिला कधी वाटलं नव्हतं. ती म्हणाली असती काहीतरी. पण त्याआधी दत्ता खाकरला.

"चला," तो म्हणाला. "मग वादच मिटला. कायद्यात बसतंय."

सनी म्हणाला, हो, मिटला. त्याच्या आवाजात सुटका होती, ती त्यानं लपवली नाही. आईजवळ जाऊन तो उकिडवा बसला, जरा अंतर ठेवून. "आई, एक-दोन वर्षं काढ. मग बघू आपण काहीतरी. मी आहे ना."

मंगलनं विचारलं, "खोली?"

"ती काय, कुठं जात नाही."

तिनं मान हलवली. कायद्यात एक-दोन वर्षं नव्हती. त्यालाही माहीत होतं, तिलाही.

निरीक्षक बाई सांगितल्या वेळेला जीपमधून आल्या. वयानं लहान होत्या, घामाघूम झाल्या होत्या. त्यांनी चहा नको म्हटला, दत्ताकडून मंगलचं नाव ऐकलं आणि पहिल्यांदा तिच्याशिवाय सगळ्यांना अंगणाबाहेर जायला सांगितलं. कबुली घेताना एकही नातेवाईक ऐकण्याच्या अंतरात असता कामा नये, असा नियम होता. दत्ता कुरकुरला. मग तो, सावित्राबाई, सनी आणि नूरमहंमद रस्त्यावर जाऊन उभे राहिले. दत्ताला तिथून पडवी दिसत होती, बोलणं ऐकू येत नव्हतं. मंगलच्या हातात आपली राई आहे, असं त्याच्या मनात आलं. तिच्या हातात काहीतरी आहे, असा विचार त्यानं आयुष्यात पहिल्यांदाच केला.

पडवीत बाईंनी शाल मांडीवर घेतली आणि मंगलला समोर बसवलं. त्यांनी एक हात शालीवर ठेवला आणि दुसरा पुढं केला. "हात द्या."

मंगलला कळलं नाही. बाईंनी समजावलं, शालीतली ऊब तुमचीच आहे का ते जुळवून बघायचं असतं. मंगल म्हणाली, माझा हात लय गार हाय, तुमाला सोसायचा न्हाई. बाई म्हणाल्या, गार हात जुळायला वेळ लागतो एवढंच. खाली कुठंतरी ऊब असतेच, ती वर येईपर्यंत धरून ठेवावं लागतं.

आणि त्यांनी तिचा हात धरला. पहिल्यांदा त्यांच्या खांद्याला झटका बसला, पण त्यांनी सोडला नाही. त्यांची बोटं जाड होती, तळव्याला घाम होता. मंगलनं नजर दुसरीकडं वळवली. शिदू गेल्यापासून तिचा हात कुणी धरला नव्हता. सनीचं लग्न झालं नव्हतं, नातवंड नव्हतं, देवळात तीर्थसुद्धा पुजारी वरून टाकत असे. तिच्यातून ऊब बाहेर जायची, वर्षामागून वर्ष, कुणाकुणाच्या आजारी माणसाकडं. ती आत येतेही, हे तिला ठाऊक होतं, पण आठवत नव्हतं. आता मनगटापर्यंत काहीतरी येत होतं. दुखत होतं. पाय बधिर होऊन मोकळा होताना दुखतो तसं.

बऱ्याच वेळानं बाई म्हणाल्या, "जुळतं. तुमचीच आहे. आता सांगा, राजीखुशीनं बसणार का?"

"न्हाई म्हटलं तर?"

"तर या घराची नोंद होणार नाही. राई वनखात्याकडे जाईल. तुम्हाला कुणी काही करू शकत नाही. घरातले काय करतील ते मी सांगू शकत नाही."

मंगलनं रस्त्याकडं पाहिलं. चौघं उभी होती. सनी गाडीला टेकून मोबाईलवर बोलत होता. तिला वाटलं, आपण व्हय म्हटलं तर संध्याकाळपर्यंत ही सगळी आपल्याशी बरी वागतील. तेवढंच. बाईंनी अजून हात सोडला नव्हता. बहुधा उत्तर मिळेपर्यंत धरायचा नियम असावा.

"न्हाई," ती म्हणाली. "न्हाई बसायची मी."

बाईंनी मान डोलावली, हात सोडला आणि लिहून घेतलं. तिचा अंगठा घेतला. मग शाल तिच्या हातात दिली आणि जीपकडं चालू लागल्या.

रस्त्यावर काय झालं ते मंगलला लांबूनच दिसलं. दत्ताचे हात वर गेले. तो आधी बाईंवर ओरडला, जीप गेल्यावर सनीवर. सावित्राबाई खाली बसली. नूरमहंमदनं स्कूटर सुरू केली, थोडा थांबला, घराकडं बघून हात कपाळाला लावला आणि गेला. शाल तो न्यायला आला नाही.

मंगलनं ती घडी करून पडवीतल्या सतरंजीवर ठेवली. आपल्याच उबेचं पांघरूण घेऊन काय होणार, असं तिला वाटलं असावं. ती आत आपल्या निराळ्या चुलीपाशी गेली. चूल विझलेली होती. चूल पेटवायची ती वेळ नव्हती, पण तिनं काटक्या मांडल्या, फुंकर घातली आणि जाळ धरल्यावर दोन्ही हात त्याच्यापुढं उघडे केले. बाहेर दत्ता अंगणात आला होता. या बाईनं घर बुडवलं, असं मोठ्यानं सांगत होता. तिला ऐकवण्यासाठीच, तरी तिच्या दारात न येता. सावित्राबाईचा आवाज मध्ये एकदा आला. ती त्याला गप्प राहायला सांगत होती की आणखी काही, ते नीट कळलं नाही.

मग गाडी सुरू झाल्याचा आवाज झाला. सनीची होती. वळण येईपर्यंत मंगल ऐकत राहिली. त्यानंतर तिनं चुलीत आणखी एक लाकूड सारलं.